वैलावरची आच

जुन्या मराठी घरातल्या चुलीला एक धाकटा भाऊ असे. त्याचे नाव वैल. त्याला स्वतःचे सरपण नसे आणि स्वतःचा जाळही नसे. थोरल्या चुलीत पेटलेल्या लाकडांची उष्णता मधल्या भोकातून जेवढी पलीकडे झिरपेल, तेवढ्यावरच त्याचा योगक्षेम चाले. भाकरी भाजायची ती चुलीवर, परंतु आमटी मुरायची ती वैलावर. दूध उतू जायचे ते चुलीवर, परंतु त्यावर जाड साय धरायची ती वैलावर. आणि ज्या घरी मांसाहार निषिद्ध नसे, त्या घरी रविवारचे मटण चुलीवर परतून झाले, की पुढचे दोन-तीन तास ते वैलाच्याच स्वाधीन होई. ग्वाल्हेरच्या सिटी सेंटर भागात, तिसऱ्या मजल्यावर असलेल्या माझ्या स्वयंपाकघरात गॅसच्या शेगडीला चार तोंडे आहेत. परंतु ती चारही थोरल्या चुलीची आहेत, वैल त्यांत एकही नाही. मटण सावकाश शिजवण्याची जी विद्या आमच्या घरात चार पिढ्या नांदली, तिला या सदनिकेत आल्यावर पहिली ठेच लागली ती याच जागी. आणि ठेच लागली म्हणूनच, ही विद्या मुळात कशावर उभी आहे याचा शोध घेण्याची बुद्धी मला झाली.

या गावात मराठी चूल पेटली ती छावणीत. साताऱ्याकडील कण्हेरखेडच्या शिंद्यांचे घराणे राणोजींच्या काळी माळव्यात उतरले, उज्जैन ही त्यांची राजधानी झाली, आणि पुढे १८१० मध्ये दौलतराव शिंद्यांनी ग्वाल्हेरच्या किल्ल्याच्या दक्षिणेस तळ दिला. तो तळ पुन्हा उठलाच नाही. तंबूंच्या जागी भिंती आल्या, राहुट्यांमधल्या वाटांचे रस्ते झाले, आणि त्या वस्तीला 'लष्कर' हेच नाव कायमचे चिकटले. कंपू, जिन्सी, शिंदे की छावनी ही तेथील मोहल्ल्यांची नावे आजही जुन्या फौजेच्या दफ्तरातून उचलून आणल्यासारखी वाटतात. आणि महाराज बाड्यातला 'बाडा' हा तर आपला वाडाच, हिंदी उच्चाराचा अंगरखा घालून बसलेला. दौलतरावांच्या फिरत्या छावणीत १८०९ साली राहिलेल्या टॉमस ब्रॉटन या इंग्रज अधिकाऱ्याने आपली पत्रे १८१३ मध्ये पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली. ती वाचताना ध्यानात येते, की ही छावणी म्हणजे बाजार, बाजारबुणगे, बायकापोरे आणि गुरेढोरे यांसह चालणारे एक संपूर्ण नगरच होते. असे नगर सायंकाळी मुक्कामास उतरून तीन दगडांची चूल मांडी, तेव्हा तेथे वैलाची चैन कोठली? जाळ ओसरला, की पातेले विझत आलेल्या निखाऱ्यांवर सरकवायचे आणि चार निखारे झाकणावर ठेवायचे, एवढ्यावरच तेथील पाककौशल्य भागत असले पाहिजे.

गंमत अशी, की युरोपात या मंद आणि झाकल्या पाकक्रियेला जे नाव पडले, तेही निखाऱ्यावरूनच. फ्रेंच भाषेत 'ब्रेझ' म्हणजे धगधगता निखारा, आणि तेथील जुन्या स्वयंपाकघरांतही जाड पातेल्याच्या झाकणावर निखारे रचण्याचा शिरस्ता होता. फारसीतून आपल्याकडे आलेला 'दम' हा शब्द मात्र श्वासाचा वाचक आहे; कणकेने तोंड बंद केलेल्या हंडीत कोंडलेली वाफ हाच त्या पदार्थाचा श्वास. एका भाषेने विस्तव पाहिला, दुसरीने वाफ पाहिली. मराठीने जागा पाहिली आणि तिला वैल म्हटले.

छावणी स्थिरावली, तसे सरदारांच्या वाड्यांतून मुदपाकखाने उभे राहिले. मुदपाक हा शब्दही फारसी 'मतबख'चाच मराठी अवतार. शिवकाळात रघुनाथपंडितांनी राजव्यवहारकोश रचून दरबारातील यावनी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले, आणि त्यात भोज्यवर्ग नावाचा एक स्वतंत्र विभागही ठेवला. परंतु दफ्तरातून जे शब्द हद्दपार होऊ शकले, ते स्वयंपाकघरातून मात्र हलले नाहीत. मसाला, खिमा, दम हे सगळे जागच्या जागी राहिले. यात परकेपणाचा सल बाळगण्याचे कारण नाही, कारण मांस शिजवण्याचे शास्त्र आपल्याकडे या शब्दांहून पुष्कळ जुने आहे; कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने बाराव्या शतकात सिद्ध केलेल्या मानसोल्लासातील अन्नभोग या प्रकरणात मांसाचे अनेक प्रकार सविस्तर वर्णिलेले आहेत. ग्वाल्हेरच्या राजवैभवाचे म्हणाल, तर १८७४ मध्ये पुऱ्या झालेल्या जयविलास प्रासादातील भोजनाच्या मेजावर मद्य आणि सिगार घेऊन फिरणारी रुपेरी आगगाडी आजही प्रेक्षकांना दाखवतात. ती गाडी पाहताना माझ्या मनात नेहमी असे येते, की त्या मेजावर पाहुण्यांसमोर गाडी फिरत होती खरी, परंतु तिच्या आधी जे ताटात आले, ते भिंतीपलीकडे कोणीतरी सकाळपासून विस्तवाशेजारी बसून शिजवलेले होते. आणि त्या माणसाचे दर्शन कोणत्याही संग्रहालयात घडत नाही.

सर्वसामान्य मराठा गृहस्थाच्या घरी हा माणूस बहुधा घरातलाच असे. देवघर ज्या स्वयंपाकघराला लागून, तेथे मटणाला मज्जाव. म्हणून मागच्या पडवीत वेगळी चूल, वेगळे पातेले आणि वेगळा पाटावरवंटा. आमच्या लष्करातल्या घरी रविवारी त्या चुलीचा अंमल आजोबांकडे असे आणि त्यांच्यामागून तो आत्याकडे आला. पुढे वाड्याच्या वाटण्या झाल्या, पडवी एकाच्या आणि विहीर दुसऱ्याच्या वाट्याला गेली, आणि लष्कर व मुरार यांच्या दरम्यान, जिवाजी विद्यापीठाच्या परिसरात, गेल्या काही दशकांत जी नवी वस्ती वाढली, तिच्यात आमच्यासारखी अनेक कुटुंबे येऊन राहिली. येथे रस्ते रुंद आहेत, वीज आणि नळ आहेत, उद्वाहन आहे. पडवी मात्र नाही.

आता मटणाविषयी. इंग्रजी पाकग्रंथांत ज्याची महती गायिलेली असते, ते वर्षाच्या आतील कोकराचे मांस. आपल्याकडे मटण म्हटले, की बहुतेक ठिकाणी बोकडाचे समजायचे. याचे कारण आवडीत जेवढे, तेवढेच संख्येत आहे: २०१९ च्या पशुगणनेत भारतात शेळ्या १४ कोटी ८८ लाखांच्या घरात भरल्या, तर मेंढ्या ७ कोटी ४२ लाखांच्या, म्हणजे निम्म्याच. महाराष्ट्राच्या पठारावर, जेथे धनगरांचे कळप फिरतात, तेथे मेंढीच्या मटणाचे दर्दी आढळतात. ग्वाल्हेरीत मात्र बोकडच. हा भेद पाककर्त्याने ध्यानात ठेवला पाहिजे, कारण शेळीची चरबी मुख्यतः पोटातील अवयवांभोवती साचते, मांसात ती थोडीच उतरते. त्यामुळे कोकरू स्वतःच्या चरबीने जेवढे सावरले जाते, तेवढे बोकडाचे मांस सावरले जात नाही, आणि विस्तव जरा चढला, की ते कोरडे पडते.

येथील खाटकाकडे गेल्यावर भाषाही बदलावी लागते. आपण ज्याला फरा म्हणतो, त्याला तो 'दस्त' म्हणतो, मांडीला 'रान', मानेला 'गर्दन' आणि छातीला 'सीना'. नवखा गिऱ्हाईक रान मागतो, कारण तेथे मांस भरपूर आणि हाड कमी. परंतु मंद आचेवर शिजवायचे असेल, तर दस्त आणि गर्दन घ्यावी आणि त्यांत चार नळ्या टाकायला सांगाव्यात. जनावर ज्या अवयवांनी आयुष्यभर चालले, वाकले आणि चरले, ते अवयव चिवट असतात, आणि दीर्घ पाकाचे खरे फळ तेच देतात.

हे असे का होते, ते पाहण्यासारखे आहे. मांस हा एकजिनसी पदार्थ नाही. त्यात स्नायूंचे तंतू असतात, आणि त्या तंतूंच्या जुड्या बांधून ठेवणारे एक चिवट वेष्टन असते. त्या वेष्टनातील मुख्य प्रथिनाला कोलॅजन म्हणतात. या दोघांचे स्वभाव परस्परविरुद्ध असल्यामुळे सारा पेच उत्पन्न होतो. सुमारे ६० अंश सेल्सिअसच्या पुढे तंतू आकसू लागतात आणि आपल्यातले पाणी पिळून बाहेर टाकतात. उलट कोलॅजन ७० अंशांच्या पुढे, आणि तेही ओलसर उष्णतेत पुष्कळ वेळ राहिल्यावर, हळूहळू विरघळते व त्याचे जिलेटिन होते. म्हणजे तंतूंना जो उष्मा जाचतो, त्याच उष्म्याची कोलॅजनला गरज असते. अर्ध्या-पाऊण तासाने चाखलेले मटण वातड लागते, ते यामुळेच. तंतू आकसून बसलेले असतात आणि बंध अजून सुटलेले नसतात. अननुभवी माणूस येथेच घाबरून आच वाढवतो. ज्याला धीर आहे, तो आणखी दीड तास थांबतो, आणि मग सुटलेले जिलेटिन त्या कोरड्या तंतूंना वेढून असे मऊ करते, की पाणी गेल्याची खूणही जिभेला पटत नाही. रस्सा बोटाला किंचित चिकटतो, तोही त्याच जिलेटिनामुळे.

परंतु मंद म्हणजे किती मंद? याचे उत्तर ग्वाल्हेरकराने गाण्यातच शोधावे. ग्वाल्हेर घराण्याची विलंबित लय अतिविलंबित नसते. मात्रा डोळ्यांआड जावी इतकी ती ताणली जात नाही, ठेका चालता राहतो आणि गायक त्याच्या अंगाने बढत करतो. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी ही गायकी येथून महाराष्ट्रात नेली. आमच्या पूर्वजांनी साताऱ्याकडचा काळा मसाला उलट दिशेने येथे आणला. आणि दोहोंचा लयीविषयीचा दंडक एकच आहे. पातेल्यात रस्सा खदखदता कामा नये, तसाच तो निपचित पडूनही उपयोगी नाही. एक बुडबुडा तळातून उठावा, पृष्ठभागावर येऊन फुटावा, आणि मग क्षणभराने दुसरा उठावा. तापमापक लावला, तर तो सुमारे ८५ ते ९५ अंशांच्या दरम्यान असेल. परंतु आत्याला तापमापक ठाऊक नव्हता, आणि तिचे कधी काही अडले नाही.

आता प्रत्यक्ष कृती. पाच-सहा माणसांकरिता १ किलो मटण घ्यावे. ते धुऊन निथळावे, त्यास दोन चमचे मीठ, अर्धा चमचा हळद, दोन पेरे आले आणि एक गड्डा लसूण यांचे वाटण, आणि १५० ग्रॅम घोटलेले दही चोळून दोन तास झाकून ठेवावे. उन्हाळा असेल, तर शीतपेटीत. मीठ आधी लावण्यात मोठा अर्थ आहे, कारण ते आत मुरले, की प्रथिनांची पाणी धरून ठेवण्याची शक्ती वाढते. पपई किंवा या बाजूची कचरी लावण्याचा मोह मात्र टाळावा. त्यांतील पाचक द्रव्ये वरचा थर मऊ करतात, आतपर्यंत पोचत नाहीत, आणि तीन तासांच्या पाकात त्या वरच्या थराचे पीठ होते. घाईच्या कबाबाला जे उपकारक, ते येथे अपायकारक ठरते.

मग जाड बुडाच्या पातेल्यात तेल तापवून चार मध्यम कांदे उभे चिरून घालावेत आणि ते तपकिरी होईपर्यंत परतावेत. त्यांवर दोन तमालपत्रे, चार लवंगा, दालचिनीचा तुकडा आणि एक मसाला वेलची टाकून मटण घालावे, आणि त्याचे सुटलेले पाणी आटून तुकड्यांना रंग चढेपर्यंत मोठ्या आचेवर हलवत राहावे. हे परतणे कशासाठी, याविषयी एक जुना गैरसमज आहे. युस्टुस फॉन लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने १८४७ च्या सुमारास असे मत मांडले, की तीव्र उष्णतेने मांसाच्या पृष्ठभागी कवच बनते आणि रस आत कोंडला जातो. हे मत दीर्घकाळ प्रमाण मानले गेले. परंतु परतलेले मांसही पाणी सोडतेच, हे पुढे सिद्ध झाले. परतण्याने मिळते ती चव. प्रथिने आणि शर्करा यांच्या संयोगाने तांबूस रंग आणि भाजका गंध उत्पन्न होतो, त्या क्रियेचे वर्णन फ्रान्सच्या लुई-कामिय मायार याने १९१२ मध्ये केले. ती क्रिया पाण्याच्या उत्कलनबिंदूच्या बऱ्याच वरच्या तापमानाला जोराने चालते. म्हणून एकदा पाणी ओतले, की ती संधी गेली. जे भाजायचे ते आधीच भाजून घेतले पाहिजे.

यानंतर अर्धी वाटी सुके खोबरे, दोन चमचे धने, एक चमचा खसखस आणि थोडे दगडफूल हे सर्व वेगवेगळे भाजून केलेले वाटण, आणि दोन चमचे काळा मसाला घालून पुन्हा परतावे. कडेने तेल सुटले, की दोन वाट्या पाणी ओतावे. हे पाणी कढत हवे. "अरे, गार पाणी घालशील, तर मटण रुसेल," असे आत्या म्हणे, आणि ती अंधश्रद्धा नव्हती; चढलेली उष्णता एकाएकी उतरवली, की पातेल्याची लय मोडते, आणि ती पुन्हा बसवायला वेळ आणि जळण दोन्ही लागतात.

या कढत पाण्याची जी तजवीज मराठी घरांनी केली, तिच्याइतकी बुद्धिमान गोष्ट मला पाकशास्त्रात क्वचितच आढळली आहे. पातेल्यावर खोलगट झाकण ठेवायचे आणि त्यात पाणी भरायचे. आतली वाफ वर चढते, पाण्याने गार राहिलेल्या झाकणाला लागून पुन्हा थेंबाथेंबाने मटणावर उतरते, आणि सुगंधही पुष्कळसा तिच्याबरोबर परत येतो. दरम्यान झाकणातले पाणी तापते. आणि रस्सा आटला असे वाटले, की तेच पाणी आत ओतून झाकण पुन्हा गार पाण्याने भरायचे. पाणी, झाकण आणि इशारा ही तिन्ही कामे एकच वस्तू करते. झाकणातले पाणी जर पंधरा मिनिटांतच वाफाळू लागले, तर खालची आच मोठी आहे, असा तो स्वच्छ निरोप असतो.

प्रेशर कुकरचा येथे विचार केला पाहिजे, कारण तो वाचकांच्या घरोघर आहे. हॉकिन्ससारखी कंपनी १९५९ मध्ये मुंबईत स्थापन झाली, आणि पुढल्या काळात शिट्टी हेच भारतीय स्वयंपाकघराचे घड्याळ झाले. कुकरात दाबामुळे पाणी सुमारे १२० अंशांपर्यंत तापते, कोलॅजन झपाट्याने विरघळते, आणि जे काम तीन तासांचे, ते अर्ध्या तासात उरकते. नोकरीवरून परतलेल्या गृहिणीला तीन तास पातेल्यापाशी बसण्याचा उपदेश करण्याचा अधिकार मला नाही. तथापि त्या उष्म्यात तंतूही तेवढ्याच जोराने पिळले जातात, आणि दोन मिनिटांचा फरक पडला, तर मांस हाडावरून गळून त्याच्या दोऱ्या होतात. मधल्या काळात झाकण काढून पाहण्याची सोय नसते. शिट्टीबरोबर सगळ्या जिन्यात दरवळणारा मसाल्याचा वास शेजाऱ्यांना सुखावतो, परंतु तो आपल्या पातेल्यातून वजा झालेला असतो.

माझी फजिती झाली ती या दोन टोकांच्या मधोमध. सदनिकेतल्या पहिल्या हिवाळ्यात, पौषातल्या एका कडाक्याच्या रविवारी, मी गॅसचे सर्वांत लहान तोंड सर्वांत बारीक करून पातेले ठेवले आणि निश्चिंतपणे वर्तमानपत्र उघडले. तासाभराने करपल्याचा वास आला. ज्वाला बारीक असली, तरी ती बुडाच्या एकाच जागी बोट रोवून बसली होती. वाटणातले खोबरे तेथे खाली बसले आणि जळले, आणि तो जळका वास रश्श्यातून कोणत्याही उपायाने गेला नाही. आत्या तेव्हा आमच्याकडे राहायला आली होती. तिने पातेल्याचा काळवंडलेला तळ पाहिला, शेगडी पाहिली, आणि शांतपणे विचारले, "हिला वैल कुठे आहे?" मग तिने भाकरीचा जाड लोखंडी तवा उचलून ज्वालेवर ठेवला आणि म्हणाली, "पुढच्या खेपेला पातेले यावर ठेव."

तेव्हापासून आमच्या घरी तोच शिरस्ता आहे. तवा आधी दहा मिनिटे तापवायचा, त्यावर कल्हई केलेले पितळी पातेले ठेवायचे, आणि ज्वाला बारीक करायची. लोखंड ती उष्णता पसरून घेते आणि पातेल्याच्या सबंध बुडाला सारखी वाटून देते. कल्हई मात्र शाबूत असावी, कारण दह्याचा आंबटपणा उघड्या पितळेशी सलगी करतो आणि ते अन्न प्रकृतीस घातक होते. दर वीस-पंचवीस मिनिटांनी झाकण उघडून पळीने तळ खरवडून पाहावा, यापलीकडे काही करायचे नसते. अडीच-तीन तासांनी एक नळी उचलून पाहावी. मांस हाडाच्या टोकापासून मागे सरकलेले असेल, आणि पळीच्या कडेने दाबल्यावर तुकडा न तुटता वाकत असेल, तर पाक सिद्ध झाला.

सिद्ध झाल्यावरही घाई करू नये. तर्री वर यावी, रस्सा दाट व्हावा आणि मांसाने थोडा रस परत शोषून घ्यावा, म्हणून पातेले किमान अर्धा तास झाकून ठेवावे. बाजरीची भाकरी, कच्चा कांदा आणि लिंबू एवढी सोबत पुरते. उरले तर दोन तासांच्या आत शीतपेटीत ठेवावे. सकाळी रस्सा गोठलेला दिसतो, तो जिलेटिनाचा प्रताप, आणि वर जमलेली चरबी हवी तेवढी काढून टाकता येते. पुन्हा तापवल्यावर मसाले आदल्या दिवशीपेक्षा अधिक एकजीव झालेले असतात, आणि या शिळ्या मटणावर आमच्या घरातील लहानथोरांचे एकमत आहे.

गॅस मी पाक सिद्ध होण्याच्या थोडा आधीच बंद करतो. खाली ज्वाला नसते, परंतु तापलेल्या लोखंडात वीसेक मिनिटे पुरेल एवढी धग उरलेली असते, आणि पातेल्यात अजून एखादा बुडबुडा उठत असतो. स्वतःचे सरपण नाही, स्वतःचा जाळ नाही. दुसऱ्याच्या उरल्या उष्णतेवर काम चालू आहे. आत्या आता नाही. परंतु त्या वेळी कोणी स्वयंपाकघरात येऊन, पातेले कशावर ठेवले आहे असे विचारले, तर माझ्या तोंडून तवा हा शब्द निघत नाही.